पळती आणि भाकरी

खेळांच्या जगात टाळ्या पडतात त्या बहुधा चढाई करणाऱ्यास. गोल करणारा, षट्कार ठोकणारा, चार गडी मारून परत येणारा, यांची नावे घरातील लहान मुलांसही तोंडपाठ असतात. परंतु ज्याचे काम राखण्याचे, अडविण्याचे अथवा हाती न लागण्याचे, त्याचे कौशल्य पाहणाऱ्याच्या ध्यानात येण्यास वेळ लागतो. या महिन्यात अशा राखणाऱ्यांविषयी चार शब्द लिहिण्याचे आम्ही योजिले आहे. त्यास निमित्त धाराशिव जिल्ह्यातील एका कन्येचे असले, तरी आरंभ मात्र थोडा दुरून करावा लागेल.

अमेरिकेत ज्यास फुटबॉल म्हणतात, तो आपल्या ओळखीचा फुटबॉल नव्हे. तेथील चेंडू लंबगोल. तो हातात घेऊन पळावयाचा किंवा हाताने दूर फेकावयाचा. पायाचा संबंध त्यात अगदी थोडा. दोन्ही बाजूंस अकरा-अकरा गडी असतात. बचाव करणाऱ्या संघात सर्वांत मागे जे उभे राहतात, त्यांस तेथे डिफेन्सिव्ह बॅक म्हणतात. समोरचा वेगवान गडी फेकलेला चेंडू झेलण्यास धावत येतो, आणि याने त्यास तो झेलू द्यावयाचा नाही, साधल्यास मधल्या मध्ये आपणच झेलावयाचा. यातील अडचण वाचकांच्या लक्षात येईल. धावणाऱ्यास आपण कोठे वळणार हे ठाऊक असते. राखणाऱ्यास ते ठाऊक नसते. म्हणून हा बिचारा प्रथम उलट्या पावलांनी मागे पळतो, समोरच्याच्या कमरेवर नजर ठेवतो, आणि तो वळताच त्याच्याबरोबर वळतो. एक पाऊल चुकले की खेळ संपला.

या जागेवर खेळणाऱ्यांत डिक लेन याचे नाव फार मोठे. टेक्सास प्रांतातील ऑस्टिन गावी, तीन महिन्यांचा असताना तो कचऱ्यात टाकून दिलेला सापडला. एला लेन नावाच्या एका कृष्णवर्णीय विधवा बाईने त्यास उचलून घरी नेले आणि स्वतःच्या मुलांबरोबर वाढविले. पुढे त्याने लष्करात चार वर्षे काढली, विमानाच्या कारखान्यात अंगमेहनतीचे काम केले. १९५२ साली एके दिवशी आपल्या खेळाची जुनी कात्रणे घेऊन तो लॉस एंजेलिस येथील रॅम्स या धंदेवाईक संघाच्या कचेरीत शिरला आणि त्याने काम मागितले. त्याच वर्षीच्या बारा सामन्यांत त्याने प्रतिपक्षाचे १४ चेंडू मधल्या मध्ये झेलले. पुढे हंगामातील सामन्यांची संख्या वाढत वाढत सतरावर गेली, सत्तरांहून अधिक वर्षे लोटली, तरी तो आकडा कोणी ओलांडलेला नाही. १९७४ साली त्या खेळाच्या मानकऱ्यांच्या मालिकेत त्याचे नाव नोंदले गेले. या चरित्रात पराक्रमाइतकेच आम्हांस एला लेन हिचे नाव महत्त्वाचे वाटते. पोरक्या मुलाच्या पानात वेळेवर अन्न पडले, म्हणून पुढे ते पाय धावले.

आता आपल्या अंगणात येऊ. राखणाऱ्याची ही विद्या महाराष्ट्रास नवी नाही. आपल्या खो-खोत ती पुरातन आहे. आठ गडी मधल्या पाटीवर आळीपाळीने उलटसुलट तोंडे करून बसतात, नववा पाठलाग करतो, आणि पळतीचे गडी तीन-तीनच्या तुकडीने आत उतरतात. पाठलाग करणाऱ्यास बंधने पुष्कळ. त्याने मधली पाटी ओलांडावयाची नाही, घेतलेली दिशा खांबापाशी गेल्यावाचून बदलावयाची नाही. पळणाऱ्यास मात्र हवे तसे वळता येते, बसलेल्यांच्या मधून निसटता येते. परंतु एवढ्यावरून त्याचे काम सोपे, असे समजू नये. कारण पाठलाग एकाचा नसून नऊ जणांचा असतो. एक दमला की तो बसलेल्याच्या पाठीला हात लावून ‘खो’ देतो आणि ताज्या दमाचा दुसरा उठतो. पळणाऱ्यास असा कोणी ‘खो’ देत नाही. त्याचे दोन साथीदार मैदानात असले, तरी अंगावर आलेला पाठलाग ज्याचा त्यानेच चुकवावयाचा. म्हणून गुणपत्रिकेत त्याच्या नावापुढे लिहितात ती मिनिटे आणि सेकंद. किती मारले याचा हिशेब पाठलागाचा. किती वेळ टिकला हा हिशेब पळतीचा.

पुण्याच्या डेक्कन जिमखान्याने गेल्या शतकाच्या दुसऱ्या दशकात या खेळास नियमांचे बंधन घातले. अखिल भारतीय स्पर्धा १९५९-६० साली विजयवाडा येथे सुरू झाल्या, आणि पुढल्याच वर्षी कोल्हापुरास स्त्रियांची स्पर्धाही भरली. म्हणजे आपल्या लेकी या मैदानावर उतरल्या त्यास साठांहून अधिक वर्षे झाली. तरीही त्यांची नावे घरोघरी का पोचली नाहीत, याचा विचार ज्याने त्याने करावा.

धाराशिव जिल्हा बालाघाटाच्या डोंगररांगांवर वसलेला, तुळजाभवानीमुळे साऱ्या महाराष्ट्रास ठाऊक असलेला, आणि पावसाने वारंवार पाठ फिरविल्यामुळे तितकाच ठाऊक झालेला. १९४८ पर्यंत तो निजामाच्या राज्यात होता. मोठे कारखाने नाहीत, बारमाही पाणी नाही. अशा मुलखात खो-खो रुजला याचे कारण उघड आहे. या खेळास बॅट लागत नाही, जाळे लागत नाही, बूटही नसले तरी चालते. दोन खांब, चुन्याच्या रेषा आणि सपाट जमीन एवढ्यावर भागते. सारिका काळे या मुलीस वयाच्या तेराव्या वर्षी तिच्या काकांनी अशाच मैदानावर नेले. काका स्वतः खेळलेले होते. घरची स्थिती अशी की, वडिलांस शारीरिक व्यंगामुळे फारशी कमाई करता येत नसे. आई शिवणकाम करी. आणि सर्व कुटुंब आजी-आजोबांच्या मिळकतीवर चाले. जवळजवळ दहा वर्षे आपणांस दिवसातून एकदाच जेवण मिळे, आणि बरे अन्न मिळावयाचे ते शिबिरास अथवा स्पर्धेस गेल्यावरच, असे पुढे त्यांनी स्वतःच वृत्तपत्रांस सांगितले.

हे वाक्य वाचून आम्ही बराच वेळ थांबलो. वाढत्या वयाची मुलगी, रोज सायंकाळी घाम गाळून पळते. घरी आल्यावर पुन्हा भाकरी मिळेलच असे नाही. ज्या खेळास खर्च नाही असे आपण मोठ्या अभिमानाने सांगतो, त्याचा खरा खर्च मैदानावर नसून स्वयंपाकघरात आहे. खेळ फुकट मिळेल; त्यासाठी लागणारे दूध, डाळ आणि दुसऱ्या वेळची भाकरी कोणी फुकट देत नाही.

अशा अन्नावर वाढलेल्या या मुलीने २०१६ च्या फेब्रुवारीत गुवाहाटी येथे झालेल्या दक्षिण आशियाई स्पर्धांत भारताच्या महिला संघाचे नेतृत्व केले, आणि संघाने सुवर्णपदक मिळविले. लोकांस वाटेल की येथून पुढे सर्व सुखाचेच झाले असेल. तसे झाले नाही. त्याच २०१६ साली घरच्या आर्थिक विवंचनेने त्या इतक्या खचल्या की, खेळ सोडून देण्याचे त्यांनी ठरविले होते. नात खोलीत दार लावून बसली आहे, हे आजीने प्रशिक्षक चंद्रजित जाधव यांस कळविले. त्यांनी समजूत घातली, आणि काही काळाने सारिका काळे मैदानावर परत आल्या. पुढे त्यांस क्रीडा अधिकाऱ्याची नोकरी लागली. २०२० साली अर्जुन पुरस्कार जाहीर झाला तेव्हा त्या तुळजापूर येथे काम पाहात होत्या. खो-खोच्या वाट्यास हा पुरस्कार त्यापूर्वी १९९८ साली आला होता. मध्यंतरी बावीस वर्षे गेली.

त्यानंतर २०२५ च्या जानेवारीत दिल्लीस खो-खोची पहिली विश्वचषक स्पर्धा भरली. अंतिम सामन्यात भारताच्या मुलींनी नेपाळवर ७८ विरुद्ध ४० गुणांनी जय मिळविला, आणि त्या संघात धाराशिवची अश्विनी शिंदे होती. एकीने वाट तुडविली म्हणजे मागून येणारीस ती थोडी सोपी होते, याचे याहून चांगले उदाहरण नाही.

आता प्रश्न आपल्या घरांचा. आमच्या वाचकवर्गात दोन वेळच्या जेवणाची भ्रांत सहसा नाही. मग ही कथा आम्ही त्यांस का सांगावी? यासाठी की, सारिका काळे यांच्या घरी अन्न कमी होते, परंतु माणसे पुरेशी होती. पुतणीस मैदान दाखविणारे काका होते. उतारवयात संसार ओढणारे आजी-आजोबा होते. नात गप्प झाली हे ओळखून, लाज न बाळगता बाहेरच्या माणसाचे साहाय्य मागणारी आजी होती. एकत्र कुटुंबाचे गोडवे आपण पुष्कळ गातो. त्याचा खरा उपयोग तो हाच. आपल्या घरी याच्या उलट प्रकार दिसतो. अन्न भरपूर असते. परंतु मुलगी सातवीत गेली की मैदान बंद होते. काका म्हणतात, अभ्यास बुडेल. आजी म्हणते, रंग काळवंडेल. आई मनात असूनही बोलत नाही, आणि वडील निर्णय आजोबांवर टाकून मोकळे होतात. प्रत्येक जण दुसऱ्यास ‘खो’ देतो, आणि पळते ती एकटी मुलगी.

कोणी म्हणेल, सर्वच मुलींस का अर्जुन पुरस्कार मिळणार आहे? आक्षेप खरा आहे. आणि म्हणूनच पुरस्काराच्या आशेने मुलीस खेळावयास पाठवा, असे आम्ही म्हणत नाही. हजारांत एकीस पदक मिळेल, उरलेल्या नऊशे नव्व्याण्णव जणींस मिळणार नाही. परंतु पळतीचा गडी मैदानात उतरतो तेव्हा आपण बहुधा बाद होणार हे त्यास ठाऊकच असते. त्याचा प्रयत्न आणखी काही सेकंद टिकण्याचा असतो. दम पुरवून वापरणे, घाबरून सरळ रेषेत न धावणे, समोरच्याची हुलकावणी ओळखणे, आणि बाद झाल्यावर रडत न बसता पुढच्या डावाची तयारी करणे, हे ज्या मुलीने चौदाव्या वर्षी शिकून घेतले, तिला पुढे संसारात व नोकरीत ते पुन्हा शिकावे लागत नाही. पदक कपाटात राहते. ही शिदोरी अंगात राहते.

तेव्हा आमचे मागणे फार मोठे नाही. आपल्या घरातील मुलगी सायंकाळी तासभर खेळून आली, तर तिला उशिराबद्दल बोल लावण्यापूर्वी तिच्यासाठी पान वाढून ठेवावे, आणि ते मुलाच्या पानाइतकेच भरलेले असावे. तसेच आपल्या ओळखीच्या शाळेत, आपल्याकडे घरकामास येणाऱ्या बाईच्या घरी, अथवा गावाकडील वाटेकऱ्याच्या वस्तीवर पायांत वेग असलेली एखादी मुलगी दिसली, तर ती दोन वेळा जेवते का, एवढी चौकशी करावी. जेवत नसेल तर महिन्याचे धान्य व रोजचे पावशेर दूध ही मदत अनेक सुस्थित कुटुंबांस जड नाही. सत्कारास हार नेणारे पुष्कळ मिळतात. ही मदत मात्र हारांच्या फार आधी, मुलगी तेरा वर्षांची असतानाच, पोचावयास हवी.