यष्टीमागील मनुष्य

एका सुविद्य मित्रानें परवां मला विचारलें, "दोन कसोटी सामने, चार डाव, 42 धांवा! एवढ्या भांडवलावर जनार्दन नवले यांचें स्मरण धर्मापुरीच्या मुलांना कशासाठीं करून देतां?" आंकडे बिनचूक आहेत. परंतु ज्या मापानें ते मोजले, तें माप यष्टिरक्षकाचें नव्हेच.

1932 सालच्या 25 जूनला लॉर्ड्सवर भारताचा पहिला कसोटी सामना सुरू झाला. निसार व अमरसिंग यांच्यासारखे वेगवान गोलंदाज, परका हवापाणी, आणि यष्टीमागें फुलगांवीं 1902 सालीं जन्मलेले नवले. इंग्लंडचा डाव 259 धांवांवर आटोपला, तोंवर सहाशेंहून अधिक चेंडू पडले होते. प्रत्येकास वांकावें आणि उठावें, हाच त्यांचा उद्योग. तो संपतांच हेच गृहस्थ सलामीस गेले आणि भारताच्या वतीनें कसोटींतला पहिला चेंडू खेळले. विस्डेननें त्यांच्या चपळाईची वाखाणणी केली. आमच्या मित्रांना मात्र 12 आणि 13 एवढेच आंकडे दिसतात. जो चेंडू निसटला नाहीं, जी अवांतर धांव गेली नाहीं, तिच्यासाठीं धांवपत्रकांत रकानाच नसतो, त्याला नवले यांनीं काय करावें?

आमच्या केदारेश्वराचें मंदिर पाहुण्यांना दाखवितांना आम्ही चालुक्यांचें नांव घेतों. छिन्नी धरणाऱ्या हातांविषयीं कोणी विचारीत नाहीं. क्रिकेटांतहि तीच रीत. करंडकांना राजकुलांतील रणजी व दुलीप यांचीं नांवें मिळालीं. ते थोर खेळाडू होते, यांत वाद नाहीं. पण भारताकडून कसोटी ते दोघेही खेळले नाहींत! आणि ज्यांनीं भारताचा पहिला चेंडू खेळला, ते उत्तरायुष्यांत साखर कारखान्यावर पहारेकरी होते, पुण्यांत दोन खोल्यांच्या बिऱ्हाडांत राहिले आणि 1979 सालीं वारले. नियामक मंडळाला जुन्या खेळाडूंच्या निवृत्तिवेतनाची आठवण झाली ती 2004 सालीं.

"तो काळच हौशी खेळाचा होता," हें मित्रांचें शेवटचें शस्त्र. अहो, हौस ही पोट भरलेल्यांची मिरास! 1932 च्या दौऱ्याचें नेतृत्व पोरबंदरच्या महाराजांकडे होतें. आपल्याला खेळ बेताचाच येतो हें ओळखून त्यांनीं कसोटीपुरतें तें कर्नल नायडूंना दिलें, हा त्यांचा मोठेपणा. पण सामना संपल्यावर महाराज राजवाड्यांत परतले. नवले यांना परतायला राजवाडा नव्हता, आणि त्याची तजवीज करणें हें कोणाचेंच कर्तव्य मानलें गेलें नाहीं. यांत दैवाचा दोष किती आणि तिकीट काढून टाळ्या वाजविणाऱ्या आम्हां सुशिक्षितांचा किती?

गांवच्या सामन्यांत आजहि फलंदाजीसाठीं भांडणें होतात. यष्टीमागें उभें राहण्यास मात्र सर्वांत लहान पोराला ढकलतात. म्हणून माझी सूचना आहे: यंदांपासून उत्तम यष्टिरक्षकास नवले यांच्या नांवानें एक पारितोषिक द्यावें. पहिल्या वर्षाची रक्कम मी देतों. दुसऱ्या वर्षाची मित्रांनीं द्यावी, आणि देतांना 42 चा आंकडा खुशाल वाचून दाखवावा.