पित्ताच्या गोळीतला ‘डी’



बरेच महिने वाचनमात्र होतो. पण दिवाळी झाली की आपल्यापैकी बऱ्याच जणांचे आई-बाबा इकडे यायला लागतात, म्हणून हे आत्ताच लिहावंसं वाटलं. आधीच सांगतो, मी डॉक्टर नाही. साधा सॉफ्टवेअरवाला आहे. आपल्यात डॉक्टर, फार्मासिस्ट मंडळी आहेत, त्यांनी चुकलं तिथे खुशाल कान धरावा.

गेल्या मे महिन्यात, ऑकलंडची थंडी सुरू होता होता, बाबांच्या छातीत कफ झाला. ताप आला. जीपीकडे घेऊन गेलो. बाबांना पेनिसिलीन चालत नाही, म्हणून त्यांनी एरिथ्रोमायसिन लिहून दिलं. त्याआधी नेहमीचा प्रश्न विचारला, बाकी कुठली औषधं चालू आहेत? दुभाषा मीच होतो. म्हटलं, फक्त बीपीची. बाबांनीही मान हलवली.

औषध घ्यायला फार्मसीत गेलो, तर काउंटरवरच्या बाईंनी तोच प्रश्न जरा वेगळा विचारला. भारतातून आणलेलं काही? पोटाचं, आयुर्वेदिक, काहीही? तेव्हा माझी ट्यूब पेटली. म्हटलं, हो, सकाळी उपाशीपोटी एक पित्ताची गोळी घेतात, पण ते काही औषध नाही. त्यांनी पाकिटाचा फोटो मागवला. नावाच्या शेवटी ‘डीएसआर’ ही अक्षरं होती. त्या एकदम गंभीर झाल्या, जीपींना फोन लावला आणि अँटिबायोटिक बदलून दुसरं दिलं. दुसऱ्या दिवशी ईसीजी काढला. नॉर्मल निघाला. काहीही झालं नाही. झालं नाही म्हणूनच शांतपणे लिहू शकतोय.

घरी येऊन वाचत बसलो. ‘डीएसआर’मधला डी म्हणजे डॉमपेरिडोन, आणि एसआर म्हणजे ते हळूहळू सुटणारं. या गोळ्यांत आम्ल कमी करणारं एक औषध असतं (पँटोप्राझोल, राबेप्राझोल वगैरे) आणि जोडीला बहुधा ३० मिलिग्रॅम डॉमपेरिडोन. म्हणजे आपण जिला पित्ताची गोळी म्हणतो तिच्या पोटात उलटीचं आणि जठर रिकामं करण्याचं दुसरंच औषध बसलेलं असतं. बाबा ती चार वर्षं रोज घेत होते. सुरू कशासाठी झाली? गुडघ्यासाठी वेदनाशामक गोळ्या दिल्या होत्या, त्या पोटाला बाधू नयेत म्हणून. गुडघ्याच्या गोळ्या तीन आठवड्यांत संपल्या. पोटाची राहिली. आमच्या भाषेत सांगायचं तर मूळ प्रोग्रॅम बंद झाला, पण त्याने सुरू केलेली प्रोसेस मागे चालूच. गावातला मेडिकलवाला महिन्याची पट्टी बांधून ठेवायचा, चिठ्ठी कोणी विचारलीच नाही.

आता हे औषध करतं काय? डोपामिन नावाचं रसायन मेंदूतल्या उलटीच्या यंत्रणेला चाळवतं आणि जठराची हालचाल मंदावतं. डॉमपेरिडोन आणि मेटोक्लोप्रमाइड ही दोन्ही औषधं डोपामिनचा हा निरोप अडवतात. मळमळ थांबते, जठरातलं अन्न पुढे सरकतं. फरक एवढाच की मेटोक्लोप्रमाइड मेंदूत शिरतं, डॉमपेरिडोन फारसं शिरत नाही. म्हणून मेटोक्लोप्रमाइडने कधीकधी, विशेषतः लहान मुलं आणि तरुणांमध्ये, मान वाकडी होते, डोळे वर फिरतात, जबडा आवळतो. बघणाऱ्याला वाटतं फिट आली. इंजेक्शनने उतरतं, पण तोवर घरच्यांचा जीव गेलेला असतो. महिनोन्महिने घेतलं तर तोंडाच्या, जिभेच्या आपोआप होणाऱ्या हालचाली कायमच्या मागे लागू शकतात. अमेरिकेच्या एफडीएने २००९ मध्ये यासाठी सगळ्यात कडक इशारा पाकिटावर छापायला लावला.

डॉमपेरिडोनचा प्रश्न हृदयाशी आहे. प्रत्येक ठोक्यानंतर हृदयाला पुढच्या ठोक्यासाठी विजेने पुन्हा चार्ज व्हावं लागतं. हा वेळ ईसीजीवर मोजता येतो. काही औषधं तो लांबवतात. थोडा लांबला तर कळतही नाही, फार लांबला तर ठोक्यांची लय बिघडून माणूस कोसळू शकतो. साठीच्या पुढचं वय, आधीचा हृदयविकार, जुलाबाने किंवा लघवी वाढवणाऱ्या बीपीच्या गोळ्यांनी कमी झालेलं पोटॅशियम, यांनी धोका वाढतो. आणि एरिथ्रोमायसिन, क्लॅरिथ्रोमायसिन, बुरशीवरच्या काही गोळ्या यकृतात डॉमपेरिडोनचा निचराच अडवतात, शिवाय स्वतःही तोच वेळ लांबवतात. दोन ठीकठाक पॅकेजेस एकत्र इन्स्टॉल केली की सिस्टिम झोपते, तसं. बाबांचं वय ७१, बीपीच्या गोळीत लघवीचं औषध, त्यात हे. सगळे चौकोन टिक.

हा धोका नुसता कागदावरचा नाही. जठर हलवणारं सिसाप्राइड नावाचं आणखी एक औषध होतं, छातीतल्या जळजळीसाठी सर्रास दिलं जाई. १९९९ अखेरपर्यंत अमेरिकेत त्याच्यामुळे हृदयाची लय बिघडल्याच्या ३४१ नोंदी झाल्या, त्यात ८० मृत्यूंच्या. जुलै २००० मध्ये तिथली सर्वसाधारण विक्री थांबली. भारतात बंदी यायला २०११ उजाडलं. डॉमपेरिडोनचा धोका त्या मानाने बराच कमी, हे प्रामाणिकपणे सांगायला हवं. पण २०१४ मध्ये युरोपच्या औषध नियामकांनी स्पष्ट सांगितलं: फक्त मळमळ-उलटीसाठी, मोठ्यांना १० मिलिग्रॅम दिवसातून जास्तीत जास्त तीनदा, आणि सहसा आठवड्याच्या वर नाही. छातीत जळजळ, पोट फुगणं यांसाठी नाहीच. म्हणजे बाबांचा डोस मर्यादेत होता, पण आठवड्याच्या जागी चार वर्षं, आणि तेही नेमक्या ज्या कारणासाठी देऊ नका म्हटलंय त्याच कारणासाठी.

ही औषधं वाईट आहेत असं माझं म्हणणं अजिबात नाही. मधुमेहाने ज्यांचं जठर मंदावलंय, पार्किन्सन्सच्या गोळ्यांनी ज्यांना मळमळतं (तिथे मेटोक्लोप्रमाइड चालत नाही, डॉमपेरिडोन डॉक्टर विचार करून देतात), केमोथेरपी घेणारे, यांच्यासाठी या औषधांचं मोल मोठं आहे. केमोच्या उलट्यांसाठी ऑनडॅनसेट्रॉन आलं आणि उपचार सोसणं कितीतरी सुसह्य झालं. प्रश्न औषधाचा नाही, आपण त्याला ‘औषध’ समजत नाही याचा आहे. बीपीची गोळी म्हणजे औषध, शुगरची म्हणजे औषध. पित्ताची? ती तर चहाबरोबरच्या बिस्किटासारखी!

आणि यात मीही धुतल्या तांदळासारखा नाही. दर भारतवारीत दहा पट्ट्या बॅगेत टाकून आणणारा मीच. गणपतीच्या जेवणानंतर कुणाला करपट ढेकर आले की ‘माझ्याकडे आहे, घे एक’ म्हणणाराही मीच. त्या माणसाला दुसरं काय चालू आहे, हे एकदाही विचारलेलं नाही. कुक सामुद्रधुनीच्या फेरीवर एका मित्राला बोट लागली, तेव्हाही हीच दिली होती. नंतर कळलं, बोट लागण्यावर डॉमपेरिडोनचा काडीचा उपयोग नसतो, कारण तो निरोप कानातल्या तोल सांभाळणाऱ्या भागातून वेगळ्या वाटेने येतो. त्यासाठी मेक्लोझिन किंवा हायोसिन लागतं, आणि ते निघायच्या आधी.

आता कोणी म्हणेल, इथे जीपीची अपॉइंटमेंट मिळायला चार दिवस, व्हिजिटर व्हिसावरच्या आई-बाबांना पूर्ण फी, मग माणूस घरची पट्टी नाही तर काय करणार? शंभर टक्के मान्य. ही तक्रार खरी आहे आणि मीही ती करतो. पण ती पट्टी बाळगण्याचं कारण झालं, ती लपवण्याचं नव्हे. आमच्याकडे लपवायचा कोणाचा हेतू नव्हता, पण परिणाम तोच. आणि चूक बाबांची नाही. प्रश्न मला विचारला होता, उत्तर मी दिलं होतं.

तर मला जे सुचतंय ते असं:

१. आई-बाबा येण्याआधी सगळ्या गोळ्यांच्या पाकिटांच्या मागच्या बाजूचे फोटो मागवा. ब्रँडचं नाव इथे कोणाला कळत नाही, आतल्या औषधांची नावं लागतात. यादी छापून पाकिटात ठेवा.

२. नावात ‘डी’ किंवा ‘डीएसआर’ दिसलं की डॉक्टरांना विचारा, याची गरज अजून आहे का. बाबांना आता नुसती आम्लाची गोळी आहे, तीही कमी करत आणताहेत. मात्र स्वतःच्या मनाने एकदम बंद करू नका, आम्ल उसळून येतं आणि मग वाटतं गोळीशिवाय जमतच नाही.

३. आणताना तीन महिन्यांपुरतीच, मूळ पाकिटात, चिठ्ठीसकट आणा आणि आगमनाच्या फॉर्मवर जाहीर करा. पोस्टाने मागवू नका, सीमेवर अडकतात.

४. लहान मुलांना भारतातलं उलटीचं सिरप परस्पर देऊ नका. १२ वर्षांखालच्या मुलांना डॉमपेरिडोनचा फायदा दिसत नाही, म्हणून ब्रिटनने २०१९ मध्ये त्यांच्यासाठी ते बंद केलं. मुलाला आधी जलसंजीवनी, चमच्याचमच्याने. शंका असली तर हेल्थलाइन, ०८०० ६११ ११६, चोवीस तास आणि फुकट.

५. घेरी आली, छातीत धडधडलं, तर वाट बघू नका, १११.

बाबा आता डॉक्टरांनी विचारलं की स्वतःच खिशातून यादी काढून देतात. सगळ्यात वर काय लिहिलंय? ‘पित्ताची गोळी’. स्वतःच्या हाताने, लाल शाईने.

चूभूद्याघ्या. लोभ असावा.

आपला,
ऑकलंडहून एक सॉफ्टवेअरवाला

ता. क. – त्या फार्मासिस्ट बाईंना दिवाळीत चकल्यांचा डबा नेऊन दिला. त्यांनी पहिला प्रश्न विचारला, यात काय काय घातलंय?