बोलीला नाकं मुरडणाऱ्यांनो, विली मिलोविच बघा!

बोलीत बोलणारा नट 'गावंढळ' ठरत असेल, तर विली मिलोविच हा जर्मनीतला सगळ्यात मोठा गावंढळ! १९९९ साली तो गेला, तेव्हा त्याच्या शहरानं त्याला निरोप कुठून दिला, ठाऊक आहे? कोलोनच्या भव्य कॅथीड्रलमधून.

आमच्या शुद्धवाल्यांना हे पचायचं नाही, म्हणून जरा सविस्तर सांगतो. मिलोविच १९०९ सालचा, घराणं मूळचं बाहुल्यांचे खेळ करणारं. दुसऱ्या महायुद्धात कोलोनची राखरांगोळी झाली. १९४५ साली महापौर कोनराड आडेनाउअर यांच्या आग्रहानं त्याचं नाट्यगृह पुन्हा उघडलं. पोटाला धड नव्हतं, पण हसायला जागा झाली. १९५३ साली तिथला 'डेर एटापेनहाझे' हा फार्स टीव्हीवर थेट दाखवला गेला आणि क्योल्श बोलीचा ठसका कोलोनबाहेरच्या घरांतही पोचला. पुढे हाच माणूस कार्निव्हलची गाणी गात घराघरांत गेला.

"हा कसला स्वस्त विनोद!" असं म्हणणारे तिथंही होतेच. कॅमेऱ्यासाठी त्यानं क्योल्श पातळ केली, हा आक्षेपही खरा. हॅम्बुर्गच्या माणसाला अस्सल क्योल्श कळणार कशी? पण एक फरक विसरू नका. मिलोविचच्या नाटकात बोली बोलणारा हा नायक होता. आपल्या मराठी मालिकांत मालवणी बोलणारा बहुतेकदा चहाचा ट्रे घेऊन येतो! १९८० साली मच्छिंद्र कांबळींनी 'वस्त्रहरण' रंगमंचावर आणून हे चित्र उलटं करून दाखवलं. ते आपण इतक्यात विसरलो?

आणि आमचा कार्निव्हल? किंग मोमो येतो, चित्ररथ निघतात, कॅमेरे धावतात. पण हा सगळा थाट पाहुण्यांना दाखवायचा की आपण आपल्यालाच हसायचं? कोलोनचे लोक आधी स्वतःसाठी हसले, कॅमेरा नंतर आला. आपण कॅमेऱ्याची वाट पाहत बसलोय.

अर्थात कोलोनचं सगळंच गोड नाही. मिलोविचचं नाट्यगृह २०१८ साली बंद पडलं. पुतळा उभारला, पण पुतळा काही तिकीट काढून नाटकाला येत नाही!

तेव्हा टीव्हीला शिव्या घालण्याआधी एक करा. पेडण्याकडे दशावतारी काला असेल, तर मुलांना घेऊन जा आणि पहाटेपर्यंत बसा. तिथली खुर्ची रिकामी ठेवून संस्कृतीच्या नावानं गळा काढणं, हाच खरा गावंढळपणा.