‘बिनशर्त’ या शब्दाचा दुरुपयोग

दरवर्षीं १७ सप्टेंबरास आमच्या छत्रपति संभाजीनगरांत ध्वजवंदन होतें, आणि व्यासपीठावरून एक वाक्य हटकून ऐकूं येतें : मराठवाडा महाराष्ट्रांत बिनशर्त सामील झाला. टाळ्या पडतात. त्या टाळ्यांत कित्येक वर्षें आमचेही हात होते, हें प्रथमच कबूल करतों. परंतु ज्यांचें नांव या वाक्यास हमखास जोडलें जातें, त्या गोविंदभाई श्रॉफांचें (१९११-२००२) चरित्र पाहिलें म्हणजे हा शब्द किती पोकळ झाला आहे तें ध्यानांत येतें.

गणिताचा हा पदवीधर स्वामी रामानंद तीर्थांच्या बरोबरीनें निजामाशीं झुंजला, तो केवळ संस्थान भारतांत यावें म्हणून नव्हे. त्यांतील मराठी जिल्हे आपल्या भाषाबंधूंस मिळावे, हाही त्याचा ध्यास होता. १९५६ सालीं हैदराबाद राज्य मोडलें आणि तो पुरा झाला. दुसरा एखादा पुढारी येथें हारतुरे घेऊन स्वस्थ बसला असता. हे गृहस्थ हिशेबाची वही उघडून बसले!

आणि त्या वहींत लिहिण्यासारखें पुष्कळ होतें. १९५३ चा नागपूर करार वाचावा : लोकसंख्येच्या प्रमाणांत खर्च, नोकर्‍यांत व शिक्षणांत वाटा, मागासलेल्या मराठवाड्याकडे विशेष लक्ष. १९५६ च्या घटनादुरुस्तीनें ३७१ व्या कलमांत विकासमंडळांची तरतूद झाली. वचनें कागदावर होतीं; त्यांवांचून येणार नाहीं असा हट्ट मराठवाड्यानें धरला नाहीं, एवढाच ‘बिनशर्त’ या शब्दाचा अर्थ. ऐकणार्‍यांनीं मात्र ‘कांहींच देणें नाहीं’ असा तो घेतला. दांडेकर समितीनें १९८४ सालीं अनुशेष मोजला, तो सुमारें ३,१८७ कोटी रुपये, पैकीं २३.५६ टक्के मराठवाड्याचा. मंडळें स्थापन व्हावयास १९९४ उजाडलें. मराठवाडा जनता विकास परिषदेच्या द्वारें गोविंदभाई हाच तगादा लावीत होते.

आमचे कांहीं तरुण मित्र म्हणतात, म्हातारा फसला. आतां वेगळें राज्य मागा. त्यांनीं एकदां पैठणास जाऊन जायकवाडीचा जलाशय पाहावा. त्याचें पाणी नाशिक-नगरकडून येतें. आज त्यासाठीं एकाच विधानसभेंत भांडतां येतें, २००५ च्या कायद्यान्वयें समन्यायी वाटप मागतां येतें. उद्यां दोन राज्यें झालीं तर लवादाच्या पायर्‍या किती वर्षें झिजवाव्या लागतील?

गोविंदभाईंचे भक्त एक प्रकरण वगळतात. विद्यापीठास डॉ. आंबेडकरांचें नांव देण्यास त्यांचा विरोध होता. १९७८ सालीं त्या प्रश्नावरून दलितांचीं घरें जळालीं. मुंबईकडे न्याय्य वाटा मागणार्‍यानें आपल्याच प्रदेशांतील वंचितांच्या मागणीस नकार द्यावा, ही त्या वहींतली चूक होय, आणि ती लहान नव्हे. नामविस्तार व्हावयासही १९९४ च उजाडलें.

मंडळांची मुदत ३० एप्रिल २०२० रोजीं संपली, ती वाढविली गेली नाहीं. येत्या १७ सप्टेंबरास ‘बिनशर्त’ म्हणणार्‍या पाहुण्यांस आम्ही ही तारीख विचारणार आहोंत, टाळ्या त्यानंतर.