हजेरीपटावरचे आरोपी

1871 आणि 1872. लागोपाठच्या या दोन वर्षांत ब्रिटिश हिंदुस्थान सरकारने दोन कायदे केले आणि दोन्ही वेळी कायदे सदस्याच्या खुर्चीवर सर जेम्स फिट्झजेम्स स्टीफन हे एकच गृहस्थ बसलेले होते. 1872 चा पुरावा कायदा तर त्यांच्या स्वतःच्या लेखणीतून उतरला. पोलिसासमोर दिलेला कबुलीजबाब आरोपीविरुद्ध वापरता येणार नाही, आरोपी वाईट चालीचा आहे म्हणून हा गुन्हाही त्यानेच केला असे म्हणता येणार नाही, हे त्यात स्वच्छ लिहिलेले होते. दीडशे वर्षे तो कायदा आपल्या न्यायालयांत चालला. आज त्याचे नाव बदलले आहे, पण ही दोन तत्त्वे नव्या भारतीय साक्ष्य अधिनियमातही तशीच आहेत.

त्याच्या आदल्या वर्षीचा कायदा गुन्हेगार जमातींचा. एखादी जमात सराईतपणे गुन्हे करते असे सरकारला वाटले की तसे जाहीर करायचे, तिच्या माणसांची नोंद करायची, त्यांना हजेरी लावायची आणि परवान्याशिवाय गावाबाहेर पडू द्यायचे नाही. एका माणसाच्या वाईट चालीवरून काही ठरवायचे नाही, पण हजारो माणसांच्या जन्मावरून सगळे ठरवायचे, असा हा न्याय. सरकारची ही घोषणा बरोबर की चूक, हे कोणत्याही न्यायालयाने तपासायचे नाही, असे कलमही त्यातच घातलेले होते. म्हणजे इकडे न्यायालयात पुरावा कसा जोखावा याचे नियम लिहिले जात होते आणि तिकडे काही माणसांसाठी न्यायालयाचे दार बंद केले जात होते. या विसंगतीने स्टीफनसाहेबांची झोप उडाल्याचे कुठे दिसत नाही.

निरपराध माणसाला शिक्षा होते तेव्हा आपण तिला चूक म्हणतो. एखादा साक्षीदार फिरला, एखादा अधिकारी गाफील राहिला, एखाद्या न्यायाधीशाच्या नजरेतून एक कागद निसटला. अशा चुका होतातच. पण चूक कोणाच्याही वाट्याला येऊ शकते, तिला माणसे निवडता येत नाहीत. आपल्याकडे मात्र वर्षानुवर्षे विशिष्ट वस्त्यांतल्याच लोकांना उचलले जाते. मग तिला चूक म्हणून सोडून देणे ही आपली सोय झाली.

महाराष्ट्राचा या इतिहासाशी जवळचा संबंध आहे. 1871 चा कायदा आधी उत्तरेत लागू झाला आणि 1911 च्या नव्या कायद्याने तो मुंबई इलाख्यात आला. पारधी, कैकाडी, मांग-गारुडी, भामटा, कंजारभाट अशा कितीतरी जमाती त्याच्या कक्षेत आल्या. बोटांचे ठसे घेतले गेले. काही ठरावीक गुन्ह्यांत दुसऱ्यांदा शिक्षा झाली तर किमान सात वर्षे, तिसऱ्यांदा झाली तर जन्मठेप काळ्या पाण्याची. चोरीच्या बेतात असल्यासारखी परिस्थिती दिसली एवढ्यावरही तीन वर्षे आत घालण्याची सोय होती. चोरी व्हायलाच हवी असे नव्हते, मॅजिस्ट्रेटची खात्री पटली की पुरे. सोलापूरला तारेच्या कुंपणातली ‘सेटलमेंट’ उभी राहिली. तिथली माणसे गिरण्यांत राबत आणि कुंपणाच्या आत हजेरी देत. ओ. एच. बी. स्टार्ट हे इलाख्यातल्या या वसाहतींचे अधिकारी होते. सुधारणेच्या भावनेने काम करणारा माणूस अशीच त्यांची ख्याती. अस्पृश्य आणि आदिवासींच्या प्रश्नांवर 1928 साली नेमलेल्या समितीचेही ते अध्यक्ष होते आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकर तिचे सदस्य होते. पण कुंपणाच्या आत ज्याची सुधारणा चालली होती, त्याचा गुन्हा कोणता, हा प्रश्न चांगल्या माणसांनाही पडत नव्हता.

मराठी साहित्याला तो पडला. अण्णाभाऊ साठ्यांच्या ‘फकिरा’त हजेरीचा जाच आहे. लक्ष्मण गायकवाडांच्या ‘उचल्या’ला 1988 साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला, तेव्हा या जगण्याची ओळख पांढरपेशा वाचकालाही झाली. वाचक हळहळला, पुस्तक पाठ्यक्रमात गेले आणि पोलीस ठाण्यातला रिवाज होता तसाच राहिला.

कागदावर हा कायदा 31 ऑगस्ट 1952 रोजी संपला. म्हणून भटके-विमुक्त तो दिवस मुक्तीचा दिवस म्हणून पाळतात. स्वातंत्र्यानंतर पाच वर्षांनी मिळालेले स्वातंत्र्य ते. पण 1959 साली मुंबई राज्याने सराईत गुन्हेगारांचा कायदा केला. त्यात जमातीचे नाव नव्हते, व्यक्तीचे होते. तत्त्वतः ही मोठी सुधारणा. प्रत्यक्षात नोंदवहीचे पान उलटले, वही तीच राहिली. गावात घरफोडी झाली की पालावर गाडी जायची ती जातच राहिली.

आता 5 जून 2003 ची रात्र. नाशिकजवळच्या एका शेतवस्तीवर दरोडा पडला. एकाच घरातली माणसे आणि त्यांचा पाहुणा, असे पाच जण मारले गेले. घरातल्या बायकांवर अत्याचार झाले. वर्णन करू नये इतका तो गुन्हा क्रूर होता आणि जिल्हा हादरून गेला होता. पुढचे सगळे वाचताना हे विसरता कामा नये, कारण अशा वेळी पोलिसांवर जो दबाव येतो तो खोटा नसतो. लोकांना आरोपी हवे असतात, लवकर हवे असतात.

वाचलेल्या आईने दोनच दिवसांनी पोलिसांच्या अल्बममधले चार फोटो ओळखले. या प्रकरणातला सगळ्यात ताजा, सगळ्यात थेट पुरावा तोच होता. त्या चौघांवर आरोपपत्र दाखल झाले नाही. पुढे खटला चालला तो भलत्याच सहा जणांवर. सहाही जण भटक्या जमातीचे, मोलमजुरी करून पोट भरणारे.

2006 मध्ये नाशिकच्या सत्र न्यायालयाने सहाही जणांना फाशी सुनावली. 2007 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तिघांची फाशी कायम केली आणि तिघांना जन्मठेप दिली. 30 एप्रिल 2009 रोजी सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयाची ही दया चुकीची ठरवून सहाही जणांना पुन्हा फाशी दिली. म्हणजे उच्च न्यायालयात तिघांपुरती सौम्य झालेली शिक्षा सर्वोच्च न्यायालयात पुन्हा कडक झाली. तीन पायऱ्यांच्या न्यायव्यवस्थेवर आपला विश्वास असतो तो यासाठी, की खालच्या पायरीवर घसरलेला माणूस वरच्या पायरीवर सावरला जाईल. अल्बममधली ती ओळख तिन्ही वेळा नोंदीत होती. ती तिन्ही वेळा कोणी मनावर घेतली नाही.

2012 साली 14 निवृत्त न्यायमूर्तींनी राष्ट्रपतींना विनंती केली की 13 कैद्यांची फाशी रद्द करावी, कारण ज्या पूर्वनिर्णयावर ती आधारलेली आहे तो सर्वोच्च न्यायालयानेच नंतर चुकीचा ठरवला आहे. नाशिकचे हे कैदीही त्या यादीत होते. विनंती शिक्षेपुरती होती, दोषसिद्धीला हात लावणारी नव्हती. दयाळू माणसांनाही हे सहा जण गुन्हेगार आहेत असे धरूनच चालावे लागत होते. पुढे त्यांच्यातला एक जण घटनेच्या वेळी अल्पवयीन होता हे निष्पन्न झाले. म्हणजे एका अल्पवयीन मुलाला देशातल्या तिन्ही न्यायालयांनी फाशी सुनावलेली होती.

अखेर पुनर्विलोकनाची याचिका खुल्या न्यायालयात ऐकली गेली आणि 5 मार्च 2019 रोजी न्या. सिक्री, न्या. अब्दुल नझीर आणि न्या. एम. आर. शहा यांच्या खंडपीठाने सहाही जणांची निर्दोष मुक्तता केली. आपलाच दहा वर्षांपूर्वीचा निकाल फिरवण्याचे धैर्य न्यायालयाने दाखवले, याचे श्रेय दिलेच पाहिजे. न्यायालयाने आणखी एक गोष्ट नोंदवली आणि ती फार महत्त्वाची आहे. आरोपी भटक्या जमातीचे, समाजाच्या तळाचे, गरीब मजूर आहेत, तेव्हा त्यांना खोटे गोवले गेल्याची शक्यता नाकारता येत नाही, कारण गंभीर गुन्ह्यांत असे होत असते. देशाचे सर्वोच्च न्यायालय हे म्हणते, तेव्हा 1871 चा कायदा कागदावरून उतरून कुठे जाऊन बसला याची ती अधिकृत नोंदच ठरते. अल्बम ही कागदावरची यादी होती. साक्षीदाराने तीवर बोट ठेवले, तरी तिचा उपयोग झाला नाही. कामी आली ती डोक्यातली यादी, असे माझे मत आहे.

सहा जणांना प्रत्येकी पाच लाख रुपये राज्य सरकारने द्यावेत, तपासात कसूर करणारे अधिकारी शोधून सेवेत असल्यास त्यांच्यावर कारवाई करावी आणि त्या चौघांचा पुढील तपास करावा, असे आदेश झाले. सोळा वर्षांनी तपास! मारल्या गेलेल्या पाच जणांच्या नातेवाइकांनाही न्याय मिळाला नव्हता, हे अशा वेळी कोणी बोलत नाही. चुकीचा माणूस आत गेला की खरा माणूस बाहेर राहतो, हा साधा हिशेब ‘कडक शिक्षा’ मागणाऱ्यांनी एकदा मांडून पाहावा.

इंग्लंडमध्येही एका गाजलेल्या प्रकरणात सहाच माणसे होती आणि सोळाच वर्षे. 1974 च्या बर्मिंगहॅम बॉम्बस्फोटांसाठी सहा आयरिश माणसांना 1975 मध्ये जन्मठेप झाली. पोलिसांनी मारून कबुली घेतली असे त्यांचे म्हणणे होते. पोलिसांवर त्यांनी केलेला दावा 1980 साली लॉर्ड डेनिंग यांनी फेटाळला आणि त्याचे कारणही सांगितले. दावा खरा ठरला तर पोलिसांनी खोटी साक्ष दिली असे मानावे लागेल, आणि ते चित्र इतके भयंकर आहे की दावा पुढे चालूच नये. इतक्या विद्वान न्यायाधीशाच्या तोंडून इतके अन्यायी तर्कट क्वचितच निघाले असेल. 1991 मध्ये सहाही जण सुटले. मात्र त्याच दिवशी सरकारने फौजदारी न्यायव्यवस्थेच्या तपासणीसाठी आयोग जाहीर केला आणि 1997 पासून संशयास्पद दोषसिद्धी पुन्हा तपासणारी स्वतंत्र यंत्रणा कामाला लागली. ती निर्दोष नाही, तिच्यावरही भरपूर टीका होते. पण सहा माणसांच्या दुःखातून तिथे एक संस्था उभी राहिली. आपल्याकडे सहा धनादेशांचा आदेश निघाला.

भरपाईचा आपला इतिहास तसाच तुटक आहे. बिहारचा रुदुल शाह 1968 मध्ये निर्दोष सुटला आणि तुरुंगातून बाहेर आला 1982 मध्ये. सुटल्यानंतरची चौदा वर्षे त्याने आत काढली. 1983 साली सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या खंडपीठाने त्याला 30 हजार रुपये देववले आणि मूलभूत हक्क तुडवला तर राज्याने पैसे मोजले पाहिजेत हे तत्त्व रुजवले. योगायोग असा की त्यांचेच चिरंजीव धनंजय चंद्रचूड यांनी सरन्यायाधीश म्हणून 3 ऑक्टोबर 2024 रोजी, मुंबईच्या पत्रकार सुकन्या शांता यांच्या याचिकेवर, तुरुंग नियमावल्यांतला जातिभेद घटनाबाह्य ठरवला. विमुक्त जमातींना ‘सराईत’ समजणाऱ्या तरतुदीही त्यात गेल्या आणि या जमातींच्या लोकांना मनमानी अटक होऊ नये असे पोलिसांना बजावले गेले. वडील आणि मुलगा यांच्या दोन निकालांमध्ये 41 वर्षे आहेत. त्या 41 वर्षांत संसदेने भरपाईचा कायदा केला नाही.

विधी आयोगाने तो सुचवला होता. ऑगस्ट 2018 च्या 277 व्या अहवालात न्या. बी. एस. चौहान यांच्या आयोगाने चुकीच्या खटल्यांसाठी विशेष न्यायालये, ठरावीक मुदतीत निकाल, पैसे आणि पुनर्वसन असा आराखडा दिला. त्यानंतर फौजदारी प्रक्रियेचा कायदा मुळापासून नवा लिहिला गेला. ‘वसाहतवादी’ कायदे मोडीत काढल्याचा मोठा गाजावाजा झाला आणि 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली. आयोगाचा तो आराखडा तिच्यात नाही. विनाकारण अटक घडवून आणल्याबद्दल मिळणाऱ्या भरपाईची कमाल मर्यादा जुन्या कायद्यात 1,000 रुपये होती. नव्या संहितेच्या कलम 399 मध्येही ती 1,000 रुपयेच आहे.

दिल्लीने केले नाही म्हणून मुंबईने थांबायचे कारण नाही. फौजदारी प्रक्रिया हा समवर्ती सूचीतला विषय आहे आणि राष्ट्रपतींच्या संमतीने राज्याला त्यात कायदा करता येतो. महाराष्ट्राने याच मार्गाने 1999 साली मकोका केला आणि माणसांना दीर्घकाळ आत ठेवण्याची सोय केली. आत चुकून ठेवलेल्यांसाठीही विधिमंडळाने आता एक कायदा करावा. भरपाईचा हक्क, दोषी अधिकाऱ्याची जबाबदारी आणि संशयास्पद दोषसिद्धी पुन्हा तपासणारे स्वतंत्र मंडळ, एवढी तीन कलमे त्यात असली तरी सुरुवात होईल. विधी आयोगाचा अहवाल तयार आहे आणि नाशिकच्या खटल्याचे निकालपत्र सरकारच्या गृह विभागाकडे 2019 पासून आहे.