शब्दाचा फेरफार कुठं मिळतो?

सातबारा काढला की जमिनीचा आजचा मालक कळतो. ती त्याच्याकडं कशी आली हे बघायचं तर फेरफार काढावा लागतो. मराठवाड्यात तर पार खासरा पत्रकापर्यंत मागं जावं लागतं. मराठी शब्दांचे सातबारे आपल्याकडं आहेत. फेरफार नाहीत, आणि त्याचं कुणाला काही वाटतही नाही.

एकच शब्द घ्या, आखाडा. पुण्या-मुंबईच्या माणसाला कुस्तीची लाल माती आठवेल, नाहीतर निवडणूक, नाहीतर कुंभमेळ्यातले साधू. आमच्या बोरीकडं, म्हणजे जिंतूर तालुक्यात आणि एकूणच परभणी-हिंगोली भागात, आखाडा म्हणजे शेतातला मुक्काम. जनावरं, कडबा, अवजारं आणि राखणीला थांबलेला माणूस. 'आबा आखाड्यावर गेलेत' म्हटलं तर आबा कुस्ती खेळायला गेलेले नसतात. मूळ शब्द संस्कृत 'अक्षवाट', म्हणजे खेळाची आखलेली जागा. हे टर्नरच्या तौलनिक कोशात मिळतं. पण खेळाच्या जागेवरून हा शब्द आमच्या बैलांच्या दावणीपर्यंत कधी आला, कुठल्या कागदात पहिल्यांदा दिसला, हे सालासकट सांगणारा कोश मराठीत नाही.

अशा कोशाला ऐतिहासिक कोश म्हणतात. त्यात शब्दाचा सगळ्यात जुना सापडलेला वापर असतो. पुढं प्रत्येक अर्थ कधी सुरू झाला, हे त्या त्या काळातलं वाक्य देऊन दाखवलेलं असतं.

जपान्यांनी हे करून ठेवलंय. 'निहोन कोकुगो दाइजितेन' हा त्यांचा मोठा कोश 1972 ते 1976 मध्ये 20 खंडांत आला. 2000 ते 2002 मध्ये दुसरी आवृत्ती 13 खंडांत काढली. सुमारे पाच लाख शब्द, दहा लाखांच्या घरात अवतरणं. बोलीतले शब्दही त्यात आहेत. व्युत्पत्तीबद्दल मतभेद असेल तर कोणी काय म्हटलंय ते एकाखाली एक देतात. आपल्याकडं व्हॉट्सअॅपवर एकच व्युत्पत्ती फिरते, तीही छातीठोकपणे.

आपल्या जुन्या लोकांनी काही केलं नाही असं मुळीच नाही. मोल्सवर्थचा कोश 1831 चा, वाढवलेली आवृत्ती 1857 ची. दाते-कर्वे यांनी 1932 ते 1938 मध्ये महाराष्ट्र शब्दकोशाचे सात खंड काढले, त्यात ग्रंथांतले दाखले आणि प्रांतांच्या खुणाही दिल्या. कृ. पां. कुलकर्णींचा मराठी व्युत्पत्ति कोश 1946 चा. तुळपुळे आणि अॅन फेल्डहाउस यांचा जुन्या मराठीचा कोश 1999 चा. ज्यांच्या नावातच बोरी आहे त्या भास्करभट्ट बोरीकरांच्या काळातली मराठी समजून घ्यायला तो उत्तम. पण तो साधारण 1350 ला थांबतो. पुढची पावणेसातशे वर्षं?

आता कुणी म्हणेल, सोयाबीनला भाव नाही आणि हे काय शब्दांचं घेऊन बसलात. तर ऐका.

2023 मध्ये सरकारनं न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती नेमली. निजामकाळातले उर्दू आणि मोडीतले कागद चाळले गेले. कशासाठी? एका शब्दासाठी. कुणबी. मी इथं कुणाचीच बाजू घेत नाही. व्युत्पत्ती सांगते की शब्द 'कुटुंबिन्' वरून आला. पण अमुक साली, अमुक भागात, अमुक कागदावर तो जात म्हणून लिहिला की शेती करणारा म्हणून, हे व्युत्पत्तीवरून ठरत नसतं. ते वापरावरून ठरतं. त्यासाठी सालवार वाक्यं लागतात. आरक्षण कायद्यानं ठरेल, कोशानं नाही. पण भांडणाऱ्या सगळ्यांपुढं एकच पुरावा तरी असेल.

3 ऑक्टोबर 2024 ला मराठी अभिजात झाली. फटाके वाजले, फलक लागले, ग्रंथदिंड्या निघाल्या. भाषा जुनी असल्याचा मान घेतला, मग जुनेपणाची नोंदवही नको का? पद्धत काही परदेशातून आणायची गरज नाही. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात संस्कृतचा असा कोश 1948 पासून चालू आहे. सुमारे दीड हजार ग्रंथांतून एक कोटीच्या आसपास चिठ्ठ्या काढल्यात. काम अजून 'अ' वरच आहे म्हणून लोक हसतात. पण तेव्हा सगळं हातानं होतं, आज संगणक आहे. आणि रिद्धपूरला मराठी भाषा विद्यापीठ झालंच आहे की.

मागणी साधी आहे. मराठीचा ऐतिहासिक कोश सरकारनं हाती घ्यावा, त्याला दरवर्षी ठरलेला पैसा द्यावा. नुसते ग्रंथ नकोत. मोडी दप्तरं, निजामी महसुली कागद आणि गावातली बोलीही त्यात यावी. आणि तो इंटरनेटवर सगळ्यांना फुकट असावा. मोल्सवर्थ आणि दाते-कर्वे आज नेटवर शोधायचे तर आपण शिकागो विद्यापीठाच्या दारात जातो, हे बरं दिसत नाही.

कागद अजून शंभर वर्षं टिकतील. बोली तेवढी थांबणार नाही. तिफण, चाडं, जू हे शब्द ट्रॅक्टर आल्यावर जन्मलेल्या पोरांना नुसते ऐकून माहीत आहेत. ज्यांनी तिफण धरली ती माणसं आता ऐंशीच्या घरात आहेत. त्यांना विचारायला आजच जावं लागेल.

तुमच्या भागात आखाड्याला काय म्हणतात? कमेंटमध्ये गावाच्या नावासकट लिहा.