प्रेक्षकाला पळवाट न ठेवणारा दिग्दर्शक

जून २०००. व्हिएन्नाच्या ऑपेरागृहाला लागून काही कंटेनर उभे राहिले. वर भलामोठा फलक : ‘परदेशी लोकांनो, चालते व्हा!’ आत बारा आश्रयार्थी आणि दिवसरात्र चालू असलेले कॅमेरे. आपल्याकडे ‘बिग बॉस’ म्हणून आलेल्या कार्यक्रमाचा तो साचा. लोकांनी फोनवरून, इंटरनेटवरून मत द्यायचे आणि रोज दोघांना बाहेर काढायचे. त्यांना देशाबाहेर पाठवले जाणार, असे जाहीर केलेले.

हा खेळ मांडणारा माणूस मूळचा सिनेमावाला. ख्रिस्टोफ श्लिंगेनझीफ. जन्म १९६०, जर्मनीतले ओबरहाउझेन. वडील औषधविक्रेते, आई परिचारिका. जर्मन एकीकरणाचा जल्लोष ओसरला नव्हता, तेव्हाच त्याने ‘जर्मन चेनसॉ मॅसकर’ काढला. पूर्वेकडून मोठ्या आशेने येणाऱ्यांना पश्चिमेतले एक खाटीक कुटुंब कापून त्यांचे सॉसेज करते! आधीच्या वर्षी बंकरमधल्या हिटलरच्या अखेरच्या तासांवरचा चित्रपट त्याने सोळा तासांत उरकला होता. हे चित्रपट बघणे सोपे नाही. आरडाओरडा आणि रक्त इतके, की मुद्दा पुष्कळदा त्यातच बुडतो. त्याची खरी ताकद पडद्याबाहेर आल्यावर दिसली.

१९९८ साली त्याने स्वतःचा राजकीय पक्ष काढला आणि देशभरातल्या बेरोजगारांना ऑस्ट्रियातल्या एका सरोवरात एकदम उड्या मारायला बोलावले. पाणी चढेल आणि जर्मन चॅन्सेलर हेल्मुट कोल यांचे काठावरचे सुट्टीचे घर बुडेल, असा बेत. लोक आले फारच थोडे. पण बेरोजगारी त्या दिवशी सुट्टीच्या गावी जाऊन पोचली.

व्हिएन्नात मात्र सगळे जुळून आले. चार महिन्यांपूर्वीच उजव्या विचारांची फ्रीडम पार्टी सरकारात शिरली होती. कंटेनरवर तिचेच झेंडे फडकत होते. श्लिंगेनझीफ भोंगा घेऊन पर्यटकांना ओरडून सांगत होता, या, फोटो काढा, हाच खरा ऑस्ट्रिया! कोणी त्याला शिव्या घालत होते, कोणी फलकाला मनापासून दाद देत होते. मग सरकारविरोधी निदर्शक चाल करून आले. ते छतावर चढले, फलकाची मोडतोड केली, आतल्यांची ‘सुटका’ करू लागले. फलक गेला, पण सरकार आणि त्याचे निर्वासितविषयक धोरण जागच्या जागी राहिले.

यावर नेहमीचा आक्षेप असा, की असहाय माणसांना त्याने प्रदर्शनात मांडले. आक्षेप रास्त आहे. तरीही त्याची बाजू घ्यावीशी वाटते. नुसता वाद पेटवणारा स्वतः लांब उभा राहतो. हा आठवडाभर गर्दीत उभा राहून बोलणी खात होता. आणि त्याचा रोख आश्रयार्थींवर नव्हताच. मत देणारा, टाळ्या पिटणारा, फलक फोडून समाधान मानणारा, कोणालाच त्याने मोकळे सोडले नाही.

२००८ मध्ये त्याला फुप्फुसाचा कर्करोग निघाला. त्या आजारपणात त्याने बुर्किना फासोत ‘ऑपेरा ग्राम’ उभारायला घेतले. आराखडा तिथलेच वास्तुरचनाकार फ्रान्सिस केरे यांचा. त्यांना पुढे प्रित्झकर पुरस्कार मिळाला. फेब्रुवारी २०१० मध्ये पायाभरणी झाली. पण परोपकारी युरोपियन म्हणून मिरवणे त्याला पटेना. त्याच वर्षी बुर्किनाबे कलाकारांना घेऊन त्याने ‘व्हिआ इन्टोलेरान्झा २’ रंगमंचावर आणले आणि आफ्रिकेला मदत करण्याची युरोपला एवढी हौस का, हा प्रश्न स्वतःलाच विचारला. ऑगस्टमध्ये, वयाच्या ४९ व्या वर्षी तो गेला. पुढच्या वर्षी ऑपेरा ग्रामात शाळा सुरू झाली, नंतर दवाखानाही आला.